‘कदम कदम बढाये जा’ : कोणाचे गीत, कोणासाठी?

(गेवराई येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



विषय माझ्या आवडीचा घ्यावा असे संयोजकांनी कळविले, तेव्हा मी एका गाण्याचे नाव सांगितले. त्यांना थोडे नवल वाटले असणार. ज्याने सारी हयात मजुरी, व्याज आणि शेतमालाचे भाव शिकविण्यात घालविली आणि ज्याला दोन सूर धड लावता येत नाहीत, त्याने ‘कदम कदम बढाये जा’ या संचलनगीतावर काय बोलावे? परंतु या गाण्याचा इतिहास शोधू लागलो तेव्हा तो मला पुन्हा मजुरीकडेच घेऊन आला.

लहानपणची एक आठवण आधी सांगतो. आमच्या शाळेत पंधरा ऑगस्टला आणि सतरा सप्टेंबरला प्रभातफेरी निघे. पुढे एक मोठा ढोल, दोन ताशे आणि एक बासरीवाला मुलगा. मागे आम्ही पोरे. हे गाणे ठरलेले. कवायतीच्या मास्तरांनी ते आम्हांला घोकून घेतले होते आणि त्यात ‘देश’ हा शब्द दोनदा येई. घरी मी ते मोठ्याने म्हणत असता वडील म्हणाले, “अरे, तिथे ‘कौम’ आहे.” वडिलांचे शिक्षण निजामाच्या अमदानीत उर्दूतून झालेले, त्यांचा शब्द चुकणे शक्य नव्हते. दुसऱ्या दिवशी मी मास्तरांना विचारले. मास्तर कधी मुलांवर हात उगारीत नसत. त्या दिवशीही त्यांनी उगारला नाही. इतकेच म्हणाले, “इथे तो शब्द नको.” त्या वेळी मला काही समजले नाही. तो शब्द मास्तरांना का नको होता, या प्रश्नाकडे मी शेवटी येणार आहे.

संचलनगीत म्हणजे काय, हे आपल्यासारख्या शेतकरी माणसांना सांगण्याची फारशी गरज नाही. ज्वारीची काढणी करताना भलरी म्हणतात, ती कशासाठी? वीस विळे एका लयीत चालावेत, मागे राहणाऱ्याला ओढून घ्यावे आणि पाठीची कळ थोडा वेळ विसरावी यासाठी. संचलनगीत ही गणवेश घातलेली भलरीच आहे. मिनिटाला सुमारे १२० पावले, म्हणजे सेकंदाला दोन, हा पायदळाच्या जलद चालीचा सर्वसाधारण हिशेब. अनेक देह एका यंत्रासारखे चालविण्याचे ते साधन आहे. आणि कोणत्याही साधनाबद्दल समाजवाद्याने जो पहिला प्रश्न विचारावयाचा तोच येथेही विचारला पाहिजे : हे कोणाच्या हाती आहे?

युरोपात या प्रश्नाची दोन्ही उत्तरे सापडतात. १७९२ च्या एप्रिलात स्ट्रासबुर्ग येथे रूजे द लील या अधिकाऱ्याने ऱ्हाइनच्या सैन्यासाठी एक युद्धगीत रचले. मार्सेय शहराच्या स्वयंसेवकांनी ते गात पॅरिस गाठले आणि राजेशाहीच्या शत्रूंनी ते आपले केले. पुढे शंभर वर्षे फ्रान्सचे सत्ताधीश त्या गाण्याला कधी जवळ करीत, कधी दूर लोटीत. उलट १८४८ च्या ऑगस्टमध्ये व्हिएन्नात थोरल्या योहान श्ट्राउसने रचलेला राडेट्झ्की मार्च हा इटलीच्या स्वातंत्र्ययुद्धावर ऑस्ट्रियाच्या वृद्ध सेनापतीने मिळविलेल्या विजयाचा गौरव होता. आज नववर्षाच्या मैफलीत त्याच्यावर सारे सभागृह आनंदाने टाळ्यांचा ठेका धरते. ज्यांच्या पराभवाचा तो उत्सव होता त्यांची आठवण त्या टाळ्यांत कोणाला राहिली असेल असे मला वाटत नाही.

आता आपल्या गाण्याकडे वळू. १५ फेब्रुवारी १९४२ रोजी सिंगापूर पडले आणि हजारो हिंदी शिपाई जपानच्या कैदेत गेले. त्यांच्यात गुरखा पलटणीचा एक तरुण वादक होता, रामसिंग ठाकुरी. धरमशाळेजवळच्या खनियारा गावी १९१४ साली जन्मलेला. त्याने आझाद हिंद फौजेसाठी ज्या चाली बांधल्या त्यांतील ही सर्वांत गाजलेली. शब्द अवधी भाषेचे कवी वंशीधर शुक्ल यांचे मानले जातात. रचना अगदी साधी आहे : पाऊल पुढे टाक, आनंदाने गात चल, हे आयुष्य कौमचे आहे, ते कौमसाठी उधळून टाक, एवढाच तिचा आशय. त्यात राजा नाही, सेनापतीचे नाव नाही, कोणा देवाचा जयजयकार नाही. इंग्रजांच्या पलटणीत हिंदी शिपायाने तोपर्यंत ज्या धुनींवर पाय आपटले त्या साहेबाच्या होत्या. पगार साहेबाचा, धून साहेबाची, मरण मात्र आपले. शिपायाने आपल्या भाषेत, आपल्यातल्याच वादकाच्या चालीवर, पगार देणाऱ्याविरुद्ध चालण्यासाठी गावे, ही नवी गोष्ट होती.

तथापि फौजेत केवळ युद्धकैदी होते अशी आपली समजूत असते, ती अपुरी आहे. १९४३ च्या जुलैत सुभाषबाबू सिंगापूरला पोचले आणि त्यांनी मलायातील हिंदी नागरिकांना हाक दिली. त्या हाकेला ओ देणाऱ्यांत व्यापारी होते, कारकून होते. पण फार मोठा भरणा होता तो रबराच्या मळ्यांतील तमिळ मजुरांचा. हे मजूर तेथे कसे पोचले होते? कंगाणी नावाच्या माणसाकडून. कंगाणी हा मळ्यावरचाच एक अनुभवी मजूर. तो आपल्या गावी परत येई, भाऊबंदांना आणि गाववाल्यांना प्रवासखर्च व आगाऊ रक्कम देई, टोळी बांधून समुद्रापार नेई. आणि टोळीतले जितके लोक रोज कामावर उभे राहतील त्या मानाने त्याला दाम मिळत. आगाऊ रक्कम फिटेपर्यंत माणूस बांधलेला.

आपण हसलात, म्हणजे ओळख पटली. कंगाणीला गेवराईत मुकादम म्हणतात आणि त्या आगाऊ रकमेला उचल. दसरा उलटला की या तालुक्यातून कोयत्यांच्या टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, असा माणसे मोजण्याचा हिशेब आपण येथे इतका अंगवळणी पाडून घेतला आहे की त्यातला अपमान आपल्याला जाणवत नाही. फरक इतकाच की मलायातल्या मजुराला परतीची वाट फार लांब होती. कुशल नसलेल्या मजुरांना सरकारी साह्याने तेथे पाठविणे हिंदुस्थान सरकारने १९३८ साली थांबविले. पण तोवर लाखो माणसे तिकडे गेली होती.

या माणसांनी ‘कदम कदम’ गाइले. त्यांची भाषा तमिळ, गाणे हिंदुस्थानी. फौजेने हिंदुस्थानी ही समाईक भाषा मानली आणि ती रोमन लिपीत लिहिली, म्हणजे नागरी आणि फारसी लिपींचा तंटाच मिटला. झाशीच्या राणीच्या नावाने जी स्त्रियांची पलटण उभी राहिली तीतही मळ्यांवरच्या मुली मोठ्या संख्येने होत्या. कॅप्टन लक्ष्मी यांच्या हाताखाली त्या बंदूक शिकल्या. कल्पना करा : तांब्यांच्या घरची मनू, तिच्या नावाची पलटण, तीत तमिळ मळेकामगारांच्या लेकी, ओठांवर अवध प्रांतातल्या कवीचे शब्द आणि चाल हिमालयाच्या पायथ्याच्या गुरख्याची. मळ्यावर ज्या मुलीला साहेबाच्या नजरेला नजर देता येत नव्हती, ती रस्त्याच्या मधोमध पाऊल आपटीत चालू लागली. राष्ट्रीय एकात्मतेवर आपण पुष्कळ परिसंवाद भरवितो. ही एकात्मता परिसंवादातून आली नव्हती.

पण मित्रहो, येथे थांबलो तर मी आपल्याला अर्धेच सत्य सांगितले असे होईल. ज्या जपानने या फौजेला बंदुका दिल्या त्याच जपानच्या सैन्याने त्याच काळात सयाम आणि ब्रह्मदेश यांच्यामध्ये रेल्वे बांधायला घेतली होती. त्या कामावर दोस्त राष्ट्रांचे १२,००० हून अधिक युद्धकैदी मेले. आशियाई मजूर किती मेले याची नीट नोंदही कोणी ठेवली नाही. अंदाज पाऊण लाखापासून एक लाखापर्यंत जातात. त्यांत मलायाच्या मळ्यांवरचे तमिळ फार होते. ज्याचा भाऊ फौजेत गात चालला होता त्याचा दुसरा भाऊ त्या जंगलात पटकीने मरत होता, असे कितीतरी घरांत घडले असले पाहिजे. सुभाषबाबूंविषयी मला नितांत आदर आहे. परंतु शत्रूचा शत्रू तो मित्र हे गणित मजुराच्या बाजूने मांडून पाहिले की जमत नाही, हे आदरापोटी झाकून ठेवणे मला मान्य नाही.

या रेल्वेची गोष्ट जगाला माहीत झाली ती दुसऱ्याच एका संचलनधुनीमुळे. ‘कर्नल बोगी’ ही १९१४ साली रिकेट्स नावाच्या ब्रिटिश बँडमास्तरने टोपणनावाने प्रसिद्ध केलेली धून. १९५७ साली क्वाय नदीवरील पुलाच्या चित्रपटात ब्रिटिश कैदी ती शिटीवर वाजवीत छावणीत शिरतात आणि त्या शिटीने जग जिंकले. चित्रपट उत्तम आहे, मी दोनदा पाहिला आहे. पण त्या जंगलात ज्यांनी सर्वांत अधिक संख्येने माती खाल्ली तो तमिळ, ब्रह्मी, जावानी मजूर त्या कथेच्या केंद्रस्थानी कोठेच नाही. शिटी मारणारा लक्षात राहतो; रुळाखाली गेलेला राहत नाही. संचलनगीतांच्या कीर्तीविषयी बोलताना ही गोष्ट मी नेहमी ध्यानात ठेवतो.

१९४४ साली इंफाळच्या आघाडीवर फौजेचा पाडाव झाला. पुढच्या वर्षी जपान शरण गेला. गाणे राजद्रोही ठरवून त्यावर बंदी आली. १९४५ च्या नोव्हेंबरात लाल किल्ल्यात शाहनवाज खान, प्रेमकुमार सहगल आणि गुरुबक्षसिंग धिल्लन यांच्यावर खटला उभा राहिला. एक मुसलमान, एक हिंदू, एक शीख. सरकारने याहून मोठी चूक क्वचितच केली असेल. भुलाभाई देसाई बचावाला उभे राहिले आणि देशातले सर्व पक्ष काही काळ एका सुरात बोलू लागले. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी मुंबईत ‘तलवार’ या नाविक तळावर खलाशांनी संप पुकारला. त्यांच्या मागण्यांत आझाद हिंद फौजेच्या कैद्यांची सुटका ही एक मागणी होती आणि त्यांच्या जहाजांवर काँग्रेसचा, लीगचा आणि लाल असे तिन्ही झेंडे चढले. २२ तारखेला मुंबईचे गिरणी कामगार रस्त्यावर उतरले. गोळीबारात दोनशेहून अधिक माणसे पडली. थोर पुढाऱ्यांनी खलाशांना शरण जाण्याचा सल्ला दिला. पाठीशी उभ्या राहिलेल्या मोजक्यांत अरुणा असफ अली होत्या.

मग स्वातंत्र्य आले. गाण्यावरची बंदी गेली. आणि फौजेच्या शिपायांचे काय झाले? त्यांना स्वतंत्र भारताच्या सैन्यात परत घेतले गेले नाही. लष्कराच्या शिस्तीला बाध येईल, हे कारण. ज्यांनी इंग्रजाशी इमान राखले ते बढती मिळवीत राहिले; ज्यांनी ते मोडले त्यांनी घरचा रस्ता धरला. व्यक्तिशः काहींना मानाच्या जागा मिळाल्या, हे नमूद केले पाहिजे. शाहनवाज खान मंत्री झाले. आपल्या सावंतवाडीकडचे जगन्नाथराव भोसले, जे फौजेच्या अगदी वरच्या अधिकाऱ्यांपैकी होते, ते लोकसभेत गेले, पुनर्वसन खात्याचे उपमंत्री झाले आणि १९५४ साली निर्वासितांच्या मुलांपासून त्यांनी राष्ट्रीय शिस्त योजना सुरू केली. रामसिंग ठाकुरी उत्तर प्रदेशात सशस्त्र पोलिसांच्या वाद्यवृंदात गेले आणि १९७४ साली निवृत्त झाले. २००२ साली लखनौला ते वारले. पण सामान्य शिपायाला स्वातंत्र्यसैनिक म्हणून केंद्राचे निवृत्तिवेतन मिळू लागले ते १९७२ साली, स्वातंत्र्याला पंचवीस वर्षे झाल्यावर. जो १९४३ साली तिशीत होता तो तेव्हा साठीला टेकला होता. मलायातच राहिलेल्या मळेकामगाराचा तर या हिशेबात विचारच झाल्याचे दिसत नाही.

शिपाई बाहेर राहिला; त्याचे गाणे मात्र आत गेले. आज भारतीय सैन्याच्या संचलनात ही धून वाजते. ‘बीटिंग रिट्रीट’च्या सोहळ्यात ती ऐकताना प्रेक्षकांच्या अंगावर रोमांच उभे राहतात आणि माझ्याही राहतात, ते लपविण्यात अर्थ नाही. राज्यसंस्था बंडखोरांचे सूर किती सहज पचविते, याचे याहून चांगले उदाहरण मला ठाऊक नाही.

सामान्य माणसाच्या कानापर्यंत हे गाणे नेले ते मात्र सरकारने नव्हे, सिनेमाने. आणि त्यात आपल्या गोदाकाठचा मोठा वाटा आहे. राक्षसभुवनाला जी गोदावरी आपण पाहतो तिच्याच वरच्या अंगाला पुणतांबे आहे. तेथे १९१८ साली जन्मलेले रामचंद्र चितळकर, म्हणजे सी. रामचंद्र, यांनी १९५० च्या ‘समाधी’ या चित्रपटात हे गाणे घातले. आझाद हिंद फौजेचीच ती कथा. अशोककुमार आणि नलिनी जयवंत त्यात होते. त्याच चित्रपटात लॅटिन अमेरिकेच्या ठेक्यावरचे एक खट्याळ गाणे होते आणि लोकांनी त्यासाठीही तिकिटे काढली. यात कमीपणा काही नाही. बंदी घातलेले गाणे जर चार आण्यांच्या रांगेतून गावोगाव गेले असेल तर ते योग्य ठिकाणाहूनच गेले.

आता तो शब्द. ‘कौम’ या शब्दाला राष्ट्र हा अर्थ आहे आणि जमात हाही आहे. फौजेत तो पहिल्या अर्थाने म्हटला गेला. एका पंगतीला जेवणाऱ्या हिंदू, मुसलमान, शीख शिपायांना दुसरा अर्थ सुचण्याचे कारण नव्हते. पण त्यानंतरच्या थोड्याच वर्षांत आपल्या हैदराबाद संस्थानात कासीम रझवी आणि त्याचे रझाकार तोच शब्द दुसऱ्या अर्थाने ओरडून सांगत होते. त्यांची कौम म्हणजे राज्य करणाऱ्यांची जमात. बाकीच्यांनी मुकाट राहावे. या जिल्ह्यातल्या गावांनी त्यांच्या बंदुका आणि मशाली पाहिल्या. आमच्या मास्तरांनीही पाहिल्या होत्या. त्या शब्दाने त्यांची जीभ भाजली असली तर मी त्यांना दोष देणार नाही.

परंतु १७ सप्टेंबर १९४८ नंतर काय झाले, हेही बोलले पाहिजे, विशेषतः येथे. आपण त्या दिवशी दरवर्षी झेंडावंदन करतो आणि ते योग्यच आहे. स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखाली लढलेल्यांचे ऋण फिटणारे नाही. पण त्यानंतरच्या आठवड्यांत जे झाले त्याची चौकशी करण्यासाठी केंद्र सरकारने पंडित सुंदरलाल यांची समिती पाठविली होती. सुंदरलाल कोण? ज्यांच्या इंग्रजी राज्यावरील हिंदी ग्रंथावर ब्रिटिशांनी बंदी घातली होती, ते गांधींचे अनुयायी. समितीचा अंदाज असा की, सबंध संस्थानात किमान २७ ते ४० हजार माणसे मारली गेली, बहुसंख्य मुसलमान. आणि त्यांतली बहुतेक अशी की ज्यांचा रझाकारांशी काही संबंध नव्हता. सर्वाधिक हानी झालेल्या चार जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेड आहेत. त्यानंतरच्या चार जिल्ह्यांच्या यादीत औरंगाबादबरोबर आपल्या बीडचे नाव आहे. काही ठिकाणी लष्कर आणि पोलीस यांतील माणसांनी लुटीला हात लावल्याचेही समितीने नोंदविले. तो अहवाल कित्येक दशके कपाटात राहिला. म्हणजे ‘कौम’ चा संकुचित अर्थ रझाकारांनी केला आणि आम्ही त्यांचा पराभव करून तोच अर्थ त्यांच्याकडून उचलला. शब्द गाण्यातून काढला. अर्थ मात्र मनात ठेवून घेतला.

वडिलांना मी पुढे, कॉलेजात शिकत असताना, एकदा या दिवसांबद्दल विचारले होते. ते बराच वेळ गप्प बसले. मग गल्लीतल्या एका अत्ताराचे नाव घेऊन म्हणाले, “त्याचे दुकान परत उघडले नाही.” याहून अधिक ते त्या दिवशी बोलले नाहीत, नंतरही नाही. परंतु मी ‘देश’ म्हणून गाऊ लागलो की ते शांतपणे ‘कौम’ म्हणत राहत.

वर्गाच्या शेवटी हे गाणे सामुदायिकपणे म्हणावयाचे आहे असे कार्यक्रमपत्रिकेत दिसते. पेटी आणि ढोलकी आणलेली आहे. तरुण साथींनी जो कागद वाटला आहे त्यावरही ‘देश’ असेच छापलेले आहे. कोणी मुद्दाम केले नसेल, जसे ऐकले तसे लिहिले असेल. माझी विनंती इतकीच की, सुरुवात करण्यापूर्वी प्रत्येकाने पेन्सिलीने तो शब्द दोन्ही ठिकाणी दुरुस्त करून घ्यावा. ठेका फार जलद धरू नका. माझ्या वयाची चार-पाच माणसे येथे आहेत.